डोंगराची परीक्षा

ब्रिटनमधला सर्वांत उंच पर्वत कोणता, असे वर्गात विचारले की दोनचार हात वर येतात. बेन नेव्हिस, उंची १३४५ मीटर. एखादा हुशार मुलगा वेल्समधला स्नोडन १०८५ आणि इंग्लंडातला स्कॅफेल पाइक ९७८, हेही घडाघडा सांगेल. पण आपले कळसूबाई १६४६ मीटर, म्हणजे बेन नेव्हिसहून तीनशे मीटरने उंच, हे ताडून पाहायला त्याला बहुधा कुणी सांगितलेले नसते.

आता विरारच्या पूर्वेकडचे आपले चंदनसार घ्या. जीवदानीचा डोंगर इथल्या पोरांच्या रोजच्या पाहण्यातला. पायऱ्या सुमारे तेराशे, हेही ती सांगतील. पण या डोंगराचा काळा दगड आला कुठून? हा प्रश्न परीक्षेत क्वचितच येतो. आल्प्स पर्वत भूमीला घड्या पडून वर आला. आपला दगड मात्र साडेसहा कोटी वर्षांमागे थरावर थर पसरलेल्या लाव्हाचा. तुंगारेश्वराच्या रांगेवर पडलेल्या पावसाचे पाणी कुठे जाते? उत्तरेला वैतरणा, दक्षिणेला वसईची खाडी, मग मधल्या ओढ्यांनी कुठली वाट धरली? मास्तर, हे पुस्तकात नाही. ते पोरांनाच शोधू द्या.

आणि हा काही नुसता हौसेचा अभ्यास नव्हे. ३० जुलै २०१४ रोजी पुणे जिल्ह्यातील माळीण गाव दरडीखाली गेले; दीडशेहून अधिक माणसे दगावली. १९ जुलै २०२३ च्या रात्री रायगड जिल्ह्यात इर्शाळवाडीवर तोच प्रसंग आला. उतारावर नवी भेग पडणे, झाडे एकाएकी कलणे, झऱ्याचे पाणी अचानक गढूळ होणे, ही लक्षणे दिसली की तिथून हलावे आणि तलाठ्याला नाहीतर पोलीसपाटलाला कळवावे, एवढे तरी डोंगराखालच्या प्रत्येक पोराला यायला हवे.

यासाठी परीक्षा अगदी साधी घेता येते. मुलांना पटांगणात बसवावे, समोरचा डोंगर काढायला सांगावा, आणि पाणी कुठून उतरते, माती कुठे उघडी पडली आहे, घरे कुठे आहेत, ते बाणांनी दाखवायला लावावे. दहांपैकी तीन गुण चित्राला, सात बाणांना. बेन नेव्हिसची उंची चुकली, तर खुशाल अर्धा गुण कापा; त्याहून जास्त नको.