खेळांच्या तबकड्या कशा जपाव्यात?



१९९४ च्या डिसेंबरात जपानमध्ये सोनी कंपनीचे प्लेस्टेशन हे खेळाचे यंत्र विक्रीस आले. त्याचे खेळ सीडीच्या तबकडीवर असत. आता ती यंत्रे जुनी झाली, तबकड्यांवर ओरखडे पडले, काहींचा तर चकाकता थरच बिघडू लागला. म्हणून हौशी मंडळी जवळच्या तबकडीची नक्कल संगणकात उतरवून ठेवतात आणि एम्युलेटरवर खेळतात. एम्युलेटर म्हणजे जुन्या यंत्राचे सोंग घेणारा प्रोग्राम.

अडचण येते ती जागेची. एकेक नक्कल सहाशे-सातशे मेगाबाइटपर्यंत जाते. मग मोह होतो की, गाणी काढा, चित्रफिती गाळा. पूर्वी असे पुष्कळांनी केलेही. खेळ आटोपशीर झाला खरा. पण गाळलेले पुन्हा हाती लागत नाही.

यावर चांगला उपाय म्हणजे ‘सीएचडी’. ‘मेम’ या एम्युलेटरच्या कामातून ही पद्धत निघाली. तिचे तत्त्व वर्गातही दाखवता येईल. फळ्यावर शंभर शून्ये काढण्याऐवजी ‘शून्य, शंभर वेळा’ असे लिहिले, तर जागा वाचते आणि हरवत काहीच नाही.

आता तबकडीकडे पाहू. तिच्यावर २३५२ बाइटांचे खण असतात. खेळाच्या माहितीच्या खणात बहुधा २०४८ बाइट खरी माहिती असते. उरलेल्यांत खणाचा पत्ता आणि चूक दुरुस्त करण्याचे आकडे. हे दुरुस्तीचे आकडे गणिताने पुन्हा काढता येतात. मग ते साठवायचे कशाला? संगीतही एक सूर न गमावता आवळले जाते. शिवाय सारी माहिती लहान लहान गठ्ठ्यांत बांधलेली असते. त्यामुळे एम्युलेटर हवा तेवढाच गठ्ठा सोडतो, सगळे कोठार उपसत नाही.

मात्र प्रत्येक खेळ निम्मा होईल, अशी आशा धरू नका. ज्यातील चित्रफिती आधीच आवळलेल्या असतात, तो फारसा लहान होत नाही.

आणि एक पथ्य सांगतो. मूळ नकलेसोबत ‘क्यू’ नावाची छोटी यादी असते. कोणते गाणे कोठे सुरू होते ते तीत लिहिलेले असते. सीएचडी बनवताना ती हवीच. बनवून झाल्यावर ‘सीएचडीमॅन’ या प्रोग्रामनेच ती पुन्हा उलगडावी, माहिती मुळाबरहुकूम आहे का ते ताडून पाहावे, आणि मगच मूळ नक्कल पुसावी. तबकडी एकदा बिघडली की ताडून पाहायला दुसरे काही उरत नाही.