अथेन्सचा बोहाडा



नाशिकच्या पांडवलेण्यांच्या पायऱ्या चढून वर गेलात, की सतरा नंबरच्या लेण्यापाशी थोडं थांबा. ते कोरून घेणाऱ्या दात्याचं नाव तिथल्या ब्राह्मी लेखात आहे : धंमदेवाचा मुलगा इंद्राग्निदत्त, राहणार उत्तरेकडचं दातामिती, आणि जातीने 'योणक'. योणक म्हणजे यवन, ग्रीक. नाव अगदी आपलं, दान बौद्ध भिक्षूंना, आणि ओळख मात्र यवनाची! त्याने आपलं दान दगडात कोरलं, आवडीनिवडी नाही कोरल्या. नाहीतर त्याला नाटकाचा शौक होता का, तेही कळलं असतं.

पडद्याला संस्कृतात 'यवनिका' म्हणतात, तेव्हा आपलं नाटक ग्रीकांकडूनच आलं असणार, असं काही युरोपीय पंडितांनी एकोणिसाव्या शतकात मांडून पाहिलं. गंमत अशी, की अथेन्सच्या रंगभूमीला दर्शनी पडदाच नव्हता. तेव्हा तो वाद पंडितांकडेच राहू द्या. ग्रीकांचं नाटक मला उमगलं ते आपल्या जिल्ह्यातल्या बोहाड्यामुळे.

पेठ, सुरगाणा, त्र्यंबकेश्वर या पट्ट्यात चैत्र-वैशाखात बोहाडा होतो. संबळ आणि पिपाणी वाजते, टेंभे पेटतात आणि एकेक सोंग नाचत पुढे येतं. आधी गणपती, मग सरस्वती, भीम, बकासुर, वेताळ. मुखवटा जवळून पाहिलाय कधी? पूर्वी लाकडाचा असे, आता बहुतेक कागदाच्या लगद्याचा. आत डोक्याला फडकं गुंडाळायचं आणि वरून मुखवटा करकचून बांधायचा. दिसायला दोन भोकं, तीही समोरचंच दाखवणारी. कडेचं काहीच दिसत नाही, म्हणून टेंभेवाला सांभाळून पुढे चालतो. देवीचं सोंगही पुरुषच घेतो. कोणत्या घराने कोणतं सोंग नाचवायचं, हे कित्येक गावांत पिढ्यान्‌पिढ्या ठरलेलं. तिकीट नाही, प्रवेशपत्रिका नाही. गाव करतं आणि गावच बघतं.

आता अथेन्स. इसवी सनापूर्वी पाचवं शतक, महिना आपल्या चैत्राच्या आसपासचा. देव डायोनिसस, द्राक्षांचा आणि मद्याचा. (नाशिककरांना या देवाबद्दल मी आणखी काय सांगावं!) मिरवणूक निघते, बळी दिले जातात आणि अक्रॉपोलिसच्या दक्षिण उतारावर हजारो माणसं बसतात. नटही सगळे पुरुष आणि मुखवटे घातलेले. शोकांतिकेत बोलणारे नट फार तर 3, बाकीच्या भूमिका मुखवटा बदलून. गाणाऱ्या-नाचणाऱ्यांचा वृंद आधी 12 जणांचा, पुढे 15 जणांचा. त्यांच्या तालमीचा आणि पोशाखाचा खर्च गावातल्या एखाद्या धनवंताने उचलायचा. राज्यच त्याला नेमायचं. कराचाच एक प्रकार, पण तो भरणारा मिरवायचा. आपल्याकडे मंडपाच्या कमानीवर देणगीदाराचं नाव झळकतं, तसंच म्हणा ना.

इथपर्यंत दोन्ही उत्सव सख्खे वाटतात. पुढे वाटा फुटतात. बोहाड्यात भीम बकासुराला मारणार हे पोरासोरांनाही ठाऊक असतं आणि दरवर्षी तो मारतोच. अथेन्सकरांनाही कथा ठाऊक असायच्या, पण तिथे कवींची स्पर्धा होती. जुनी कथा कवी कशी वळवतो, इकडे सगळ्यांचे कान. आणि कधीकधी तो कालपरवाचंच काढून बसायचा. इसवी सनापूर्वी 494 मध्ये इराण्यांनी मिलेटस हे ग्रीक शहर उद्ध्वस्त केलं. फ्रिनिखस नावाच्या कवीने त्यावर नाटक केलं, तेव्हा सगळं प्रेक्षागृह रडलं. आपल्याच माणसांचं दुःख उकरून काढलं म्हणून त्याला 1000 द्राख्मांचा दंड झाला आणि ते नाटक पुन्हा करायचं नाही, असं फर्मान निघालं.

पुढे 472 मध्ये एस्किलसने 'इराणी' हे नाटक आणलं. तो स्वतः मॅरेथॉनला इराण्यांशी लढलेला. सालामिसच्या आरमारी लढाईत अथेन्स जिंकून जेमतेम 8 वर्षं झालेली. विजयाचे नगारे वाजवायला याहून चांगला मुहूर्त कुठला? पण नाटक घडतं शत्रूच्या राजवाड्यात. पराभवाची बातमी ऐकणारी राजमाता, नावं घेऊन मेलेल्यांसाठी केलेला आक्रोश, शेवटी फाटक्या कपड्यांत परतलेला राजा. ज्यांचं शहर याच इराण्यांनी जाळलं होतं, ती माणसं समोर बसून हे पाहत होती. त्यांनी एस्किलसला पहिलं बक्षीस दिलं! खर्चाचा भार उचलणारा होता तरुण पेरिक्लीस. मला विचाराल, तर ग्रीक नाटकाची थोरवी सांगायला एवढी एक हकिकत पुरे आहे.

त्या नाटकांचा एकही मुखवटा आज उरलेला नाही. ते कापडासारख्या नाशवंत वस्तूंचे असत. दिसतात ते मडक्यांवरच्या चित्रांत आणि मातीच्या प्रतिकृतींत. एका बोहाड्याची पहाट मला आठवते. वेताळाचं सोंग घेतलेल्या गड्याने मुखवटा सोडला, तेव्हा कपाळावर बांधणीचा लाल वळ उमटला होता. त्याने आधी मुखवट्याच्या पाया पडून घेतलं, मग चहाचा पेला हातात घेतला. त्याच्या म्हाताऱ्या आईने मुखवटा जुन्या लुगड्यात गुंडाळला आणि पोराला सांगितलं, "माळ्यावर ठेव, आणि उंदरांचं बघ रे."