सातपुड्याची सफेद मुसळी : गुण, विज्ञान आणि गावाची जबाबदारी

(व्याख्यानाचा मजकूर)



खानदेशच्या उत्तर सीमेवर सातपुडा उभा आहे. जळगाव जिल्ह्यातील चोपडा, यावल व रावेर आणि धुळे जिल्ह्यातील शिरपूर हे तालुके त्याच्या पायथ्याशी वसले आहेत. पहिला पाऊस पडून गेला की या डोंगरातील सागवानाच्या सावलीत, कुजलेल्या पानांच्या थरातून एक लहानशी वनस्पती वर येते. तिची चपटी, लांबट पाने जमिनीलगत पसरतात, मधून एक दांडी निघते आणि तिच्यावर पांढरी फुले येतात. हीच सफेद मुसळी. तिचे मोल मात्र मातीखाली, झुपक्याने वाढणाऱ्या बोटांसारख्या मुळांत असते.

वनस्पतिशास्त्रात तिचे नाव 'क्लोरोफायटम बोरिव्हिलियानम' असे आहे. १९५०च्या दशकात फादर सांतापाव व फर्नांडिस या वनस्पतिशास्त्रज्ञांनी तिचे शास्त्रीय वर्णन केले आणि मुंबईच्या बोरिवलीवरून तिला हे नाव दिले. सह्याद्रीच्या पट्ट्यात याच कुळातील वनस्पतींची कोवळी पाने फोडशी किंवा कुलू या नावाने पावसाळी भाजी म्हणून आवडीने खाल्ली जातात. सातपुड्यातील पावरा, भिल्ल, बारेला आदी आदिवासी समाजांना डोंगरातील औषधी मुळांची ओळख पिढ्यान्‌पिढ्या आहे.

रसायन आणि अनुकूलन

आयुर्वेदात 'रसायन' ही एक स्वतंत्र कल्पना आहे. विशिष्ट रोग बरा करण्यापेक्षा शरीराची एकूण धारणाशक्ती वाढविणे हा तिचा हेतू. सफेद मुसळीचा वापर बल्य, पौष्टिक व वाजीकर द्रव्य म्हणून केला जातो. आजारातून उठलेल्याला किंवा अशक्तपणा आलेल्याला तिचे चूर्ण दुधातून देण्याचा प्रघात आहे.

या कल्पनेशी मिळताजुळता विचार विसाव्या शतकात सोव्हिएत रशियात मांडला गेला. १९४७ साली लाझारेव्ह या शास्त्रज्ञाने 'अ‍ॅडाप्टोजेन' हा शब्द योजला आणि पुढे ब्रेखमन यांनी त्याला निश्चित रूप दिले. अशा द्रव्याने शरीराला अपाय करू नये, थंडी, श्रम, रोग अशा नानाविध ताणांविरुद्ध सर्वसाधारण प्रतिकारशक्ती वाढवावी आणि बिघडलेला तोल पूर्वपदावर आणावा, अशा तीन कसोट्या त्यांनी घातल्या. थंड पर्वतप्रदेशात वाढणारी रोडिओला ही या वर्गातील प्रसिद्ध वनस्पती होय. लडाखमध्ये तिच्या एका जातीला 'सोलो' म्हणतात. आपल्याकडील अश्वगंधेचा उल्लेखही याच संदर्भात होतो आणि सफेद मुसळीकडेही संशोधक त्याच दृष्टीने पाहू लागले.

मुसळीच्या मुळात सॅपोनिन नावाची संयुगे व फ्रुक्टान प्रकारची शर्करासाखळी असते. सॅपोनिनमुळे पाण्यात फेस येतो. फ्रुक्टान लहान आतड्यात पचत नाही. ते मोठ्या आतड्यात जाऊन तेथील उपकारक जिवाणूंचे खाद्य बनते. २००७ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात प्रयोगशाळेतील उंदरांना थंडीत जखडून ठेवून ताण देण्यात आला. ताणामुळे त्यांच्या रक्तात वाढलेली साखर, मेद व कॉर्टिकोस्टेरॉन हे संप्रेरक मुसळीच्या अर्काने कमी झाल्याचे दिसून आले.

हे निष्कर्ष आशादायक आहेत, परंतु त्यांची मर्यादा ओळखली पाहिजे. उंदरावर दिसलेला परिणाम माणसावर तसाच होईल असे गृहीत धरता येत नाही. माणसांवरील पुरेशा मोठ्या व काटेकोर चाचण्या या वनस्पतीबाबत झालेल्या नाहीत. 'अ‍ॅडाप्टोजेन' या संज्ञेलाही सर्वत्र मान्यता नाही. युरोपीय औषध संस्थेने २००८ साली या कल्पनेचा परामर्श घेऊन तिचे अधिक स्पष्टीकरण व संशोधन आवश्यक असल्याचे मत दिले. म्हणून मुसळी ही परंपरेने मान्य केलेली बलवर्धक वनस्पती आहे, एवढेच आज सांगणे रास्त होय. ती मधुमेह किंवा नपुंसकत्व हमखास बरे करते, असे जाहीर करणे ही फसवणूक आहे.

नावात होणारी गफलत

'मुसळी' या एका नावाखाली बाजारात अनेक वस्तू विकल्या जातात. काळी मुसळी ही सर्वस्वी निराळ्या कुळातील वनस्पती होय. उत्तर भारतात शतावरीच्या एका जातीची सोललेली मुळेही सफेद मुसळी म्हणून विकली जातात. वाळलेले, सोललेले मूळ पाहून जात ओळखणे जाणत्यालाही कठीण जाते. त्याहून गंभीर बाब अशी की, 'शक्तिवर्धक' म्हणून विकल्या जाणाऱ्या वनौषधी उत्पादनांत सिल्डेनाफिलसारखे आधुनिक औषध गुपचूप मिसळल्याचे देशोदेशीच्या तपासण्यांत आढळले आहे. हृदयविकारासाठी नायट्रेट वर्गातील औषधे घेणाऱ्या रुग्णाच्या पोटात असे मिश्रण गेल्यास त्याचा रक्तदाब धोकादायकरीत्या खाली येऊ शकतो. त्यामुळे परवाना क्रमांक नसलेले चूर्ण घेऊ नये, आणि गर्भवती स्त्रिया व नियमित औषधे घेणाऱ्या रुग्णांनी वैद्यकीय सल्ल्याखेरीज मुसळी घेऊ नये, हे शिक्षकांनी व ग्रामपंचायत सदस्यांनी लोकांना आवर्जून सांगावे.

घाईने होणारे नुकसान

मुसळीचे जीवनचक्र समजून घेतल्यास आजच्या अडचणीचे मूळ सापडते. पावसाळ्यात फुले येतात, पुढे काळे बारीक बी गळते आणि पावसाळा सरताच पाने पिवळी पडून सुकतात. वरून वनस्पती नाहीशी झाली तरी जमिनीखाली मुळे पक्व होत राहतात. फिकट असलेली त्यांची साल हळूहळू गडद तपकिरी होते. ही पक्वता हिवाळ्यात येते आणि काढणीची खरी वेळ तीच होय.

तथापि त्या वेळी जंगलात मुसळीचे ठिकाण दाखविणारे एकही पान उरलेले नसते. पाने हिरवी असतानाच ती ओळखता येते. म्हणून अनेक ठिकाणी ती भर पावसाळ्यात, बी गळण्यापूर्वीच उपटली जाते. जो थांबेल त्याच्या वाट्याचे दुसरा घेऊन जाईल, ही भीती त्यामागे असते. ती भीती निराधार नाही, आणि म्हणूनच संकलन करणाऱ्या कुटुंबाला एकट्याला दोष देणे अन्यायाचे ठरेल. परंतु अशा खोदाईत सर्वांचाच तोटा होतो. पक्व मुळे सोलून वाळविली तरी पाच किलो ओल्या मालातून जेमतेम एक किलो सुकी मुसळी मिळते. अपक्व मूळ त्याहून अधिक आकसते, त्याचा दर्जा उतरतो व भावही पडतो. शिवाय बी न पडल्याने पुढील वर्षाचे रोप हरवते.

येथे एक साधी गोष्ट ध्यानात ठेवावी. मुसळीचे सुटे मूळ मातीत पुरले तरी त्यास कोंब फुटत नाही. कोंब फुटतो तो मुळांचा झुपका जेथे जुळतो त्या माथ्याला. माथ्याचा तुकडा एकदोन मुळांसह पुन्हा त्याच खळग्यात ठेवून माती लोटली, तर पुढच्या पावसात तेथे नवे रोप उभे राहण्याची संधी राहते. या कामाला खर्च नाही, यंत्र नाही. लागतो तो केवळ क्षणभराचा अवकाश.

लागवडीचा धडा

जंगलावरील भार हलका करण्यासाठी लागवड हा उपाय योग्य आहे. २००० साली स्थापन झालेल्या राष्ट्रीय औषधी वनस्पती मंडळाने सफेद मुसळीचा प्राधान्याच्या वनस्पतींत समावेश केला. त्याच सुमारास अनेक राज्यांत मुसळीच्या लागवडीची लाट आली. बियाण्याला किलोमागे शेकडो रुपये मोजले गेले आणि अमाप नफ्याची गणिते मांडली गेली. पुष्कळांचा व्यवहार मात्र एकमेकांना बियाणे विकण्यावरच चालला होता. मालाला हमखास ग्राहक नव्हता, तेव्हा भाव कोसळताच अनेक शेतकरी अडचणीत आले. म्हणून लागवड करताना आधी खरेदीदाराशी लेखी करार, मग जातीची खात्री आणि त्यानंतर थोड्या क्षेत्रावर सुरुवात, हा क्रम सोडू नये. पाण्याचा निचरा होणारी भुसभुशीत जमीन व भरपूर शेणखत या पिकाला मानवते. साचलेल्या पाण्यात मुळे कुजतात.

ग्रामसभेच्या हाती

एकट्याने थांबणे परवडत नाही, पण साऱ्या गावाने थांबणे परवडते. त्यासाठी कायद्याचा आधार उपलब्ध आहे. २००६च्या वनहक्क कायद्याने गौण वनोपजांत औषधी वनस्पती, मुळे व कंद यांचा स्पष्ट समावेश केला असून त्यांच्या संकलनाचा व विक्रीचा हक्क हक्कदारांना दिला आहे. जैवविविधता जपण्याची जबाबदारीही याच कायद्याने ग्रामसभेवर सोपविली आहे. चोपडा, यावल, रावेर, साक्री व शिरपूर तालुक्यांतील अनुसूचित क्षेत्रातील गावांना १९९६च्या पेसा कायद्याचे अधिकचे बळ आहे. २००२च्या जैविक विविधता कायद्यानुसार प्रत्येक स्थानिक संस्थेने जैवविविधता व्यवस्थापन समिती नेमून लोकजैवविविधता नोंदवही तयार करावयाची आहे. यावल व अनेर धरण अभयारण्यांच्या हद्दीत मात्र कोणतेही संकलन करण्यापूर्वी वनविभागाशी विचारविनिमय अगत्याचा आहे.

ग्रामसभेने पावसाळ्यातच ठराव करून मुसळी काढण्याची तारीख मुक्रर करावी. पाने हिरवी असताना जाणत्या वृद्धांसह फेरी काढून जागोजागी खुंट्या रोवाव्यात, म्हणजे हिवाळ्यात शोध करावा लागणार नाही. त्याच फेरीत समितीने नोंदवहीत ठिकाणे लिहून घ्यावीत आणि शिक्षकांनी विद्यार्थ्यांना वनस्पतीची ओळख करून द्यावी. दरवर्षी काही जागा मुळीच न खोदता राखून ठेवाव्यात. सोलणे, वाळविणे व प्रतवारी गावातच झाली, तर संकलकाच्या पदरात अधिक पैसे पडतील. अधिकाऱ्यांनी त्यासाठी प्रशिक्षण व वजनकाट्याची सोय पाहावी.

सातपुड्यातील मुसळीचा पहिला कोंब मृगाच्या पावसासोबत येतो. ठरावाची, खुंट्यांची आणि नोंदवहीची तयारी त्यापूर्वीच झालेली असावी.