शेवाळाचा डॉक्टर की दुखण्याचा?

आज एकाच शब्दावर बोलायचंय. अल्गॉलॉजिस्ट.

ऐकलाय कधी? बहुतेक नाही. माझ्यासारख्या सॉफ्टवेअरवाल्याला 'अल्गो' म्हटलं की अल्गोरिदमच आठवतो. बी.टेक.ला त्या पेपरने असा घाम फोडला होता की अल्गो आणि दुखणं यांचा संबंध मी तेव्हाच लावून ठेवला होता. फक्त तो व्युत्पत्तीच्या अंगाने नव्हता!

तर झालं असं. आमच्याकडे डॉक्टर शोधून देणाऱ्या एका ॲपचं काम होतं. इंग्रजी ॲप चालू होतं, ते मराठीत आणायचं होतं. कुठल्या तज्ज्ञाला काय म्हणतात याची यादी बाहेरच्या देशातल्या एका पुरवठादाराकडून तयार घेतलेली. ती आधी मशीनने मराठी केली आणि मग तपासायला आमच्या टीमकडे आली. हृदयरोगतज्ज्ञ, नेत्ररोगतज्ज्ञ, त्वचारोगतज्ज्ञ, सगळे ओळीने उभे. आणि त्यांच्या मधोमध एक 'शैवालतज्ज्ञ'. आमच्या टेस्टिंगमध्ये सांगलीची एक मुलगी आहे. तिने तिकिटावर एवढंच लिहिलं, "हे डॉक्टर विहिरी तपासतात का?"

सगळे हसले. मीही हसलो. पण खोलात गेलो तर लक्षात आलं की मशीनने कोशाप्रमाणे बरोबरच केलं होतं. अल्गॉलॉजिस्ट म्हणजे शैवालाचा अभ्यासक, हा अर्थ इंग्रजी कोशात आहे. अल्गॉलॉजिस्ट म्हणजे दुखण्यावर उपचार करणारा डॉक्टर, हाही आहे. स्पेलिंग तेच, उच्चार तोच. कोडिंगवाल्यांना कळेल असं सांगायचं तर एकाच नावाची दोन फंक्शन्स, आणि कुठलं चालणार ते आजूबाजूवर ठरणार. मशीनला प्रत्येक ओळ सुटी दिली होती. शेजारी सगळे डॉक्टर बसलेत हे त्याला दिसायला मार्गच नव्हता.

हे दोन शब्द खरं तर एकमेकांचे कुणीच लागत नाहीत. शैवालवाला 'अल्गा' हा लॅटिन. लाटेबरोबर किनाऱ्यावर येऊन पडणारं समुद्री शेवाळ. रोमन कवींच्या लेखी ही इतकी कवडीमोल वस्तू की कुणाची किंमत काढायची असेल तर त्याला अल्गाच्या खाली बसवायचे. १७५३ साली लिनियसने वनस्पतींची मोठी मांडणी छापली, तेव्हा फुलं न येणाऱ्या वनस्पतींमधल्या एका गटाला त्याने हे नाव दिलं. त्या गटात त्याने भलतेसलते पाहुणेही कोंबले होते. दगडफूल, हो, तेच, आपल्या गोड्या मसाल्यातलं, तेसुद्धा त्याच्या हिशेबी अल्गीच.

दुखण्यावाला 'आल्गोस' हा ग्रीक. आल्गोस म्हणजे वेदना. हा शब्द तुम्ही रोज वापरता, फक्त ओळख नसते. प्रिस्क्रिप्शनवर 'मायाल्जिया' लिहिलेलं असतं, म्हणजे स्नायूंचं दुखणं. 'न्यूराल्जिया' म्हणजे मज्जातंतूचं. पेनकिलरला डॉक्टर 'ॲनाल्जेसिक' म्हणतात, त्यातही तोच. आणि सगळ्यात भारी म्हणजे 'नॉस्टॅल्जिया'. १६८८ मध्ये बाझेलला योहानेस होफर नावाच्या वैद्यकाच्या विद्यार्थ्याने आपल्या प्रबंधासाठी हा शब्द तयार केला. 'नोस्टोस' म्हणजे घरी परतणं, आणि त्याचं आल्गोस. घरापासून लांब असलेल्या स्विस लोकांना होणारा आजार म्हणून. पुढे तो परमुलखात लढणाऱ्या स्विस सैनिकांना चिकटला. आज आपण शाळेचा जुना फोटो टाकून 'नॉस्टॅल्जिया' लिहितो, पण मुळात ते निदान होतं!

अल्गोरिदमचा मात्र या दोघांशी संबंध नाही. तो नवव्या शतकातल्या बगदादच्या अल-ख्वारिझ्मी या गणितज्ञाच्या नावावरून आला. त्याच्याच पुस्तकाच्या नावातल्या 'अल-जब्र'वरून अल्जेब्रा. जब्र म्हणजे मोडलेलं जोडणं. त्यामुळे स्पेनमध्ये एके काळी 'अल्जेब्रिस्ता' म्हणजे हाडं बसवणारा. म्हणजे फिरून दुखण्याशीच आलो की नाही? पण हा निव्वळ योगायोग बरं का, व्युत्पत्ती नव्हे. व्हॉट्सॲपवर पुढे ढकलू नका.

आता एका नावावर दोघांचा दावा म्हटल्यावर भांडण व्हायला हवं. तसं काही झालं नाही. दोघांनीही हळूहळू दुसरीकडे घर केलं. शैवालवाल्यांकडे 'फायकोलॉजी' होता, ग्रीक 'फायकोस'पासून. फायकोस म्हणजेही समुद्री शेवाळच. शिवाय तो शुद्ध ग्रीक. 'अल्गॉलॉजी' शैवालासाठी वापरला तर पुढचा भाग लॅटिन आणि मागचा ग्रीक अशी खिचडी होते. काही पंडितांना ती चालत नाही. मला विचाराल तर टेलिव्हिजन हीसुद्धा तशीच खिचडी आहे, आणि तो बघायला कुणी नाही म्हटलेलं मी पाहिलेलं नाही.

आपल्याकडच्या शैवालशास्त्राचे जनक म्हणून ज्यांचं नाव घेतात ते मद्रास विद्यापीठातले एम. ओ. पी. अय्यंगार. ओल्या मातीवर वाढणाऱ्या एका शैवालाला त्यांनी १९३२ मध्ये 'फ्रिट्शिएला' हे नाव दिलं, लंडनच्या एफ. ई. फ्रिट्श या शैवालशास्त्रज्ञाच्या सन्मानार्थ. बॉटनीवाल्या मैत्रिणींना विचारा, परीक्षेला असतं. पण फायकोलॉजीची वेगळीच अडचण. फोनवर सांगितलं की समोरच्याला 'सायकोलॉजी' ऐकू येतं. शेवाळ पाहायला गेलेला माणूस मन ओळखणारा होऊन परत येतो.

दोन्ही अल्गॉलॉजिस्ट एका टेबलावर बसतील अशी एक जागा मात्र खरोखर आहे. समुद्रातली काही सूक्ष्म शैवालं आणि काही नीलहरित शैवालं सॅक्सिटॉक्सिन नावाचं विष बनवतात. (नीलहरित शैवालं म्हणजे खरं तर जिवाणू, पण नाव पडलं ते पडलं.) शिंपल्यांतून ते पोटात गेलं की माणूस लुळा पडू शकतो, कारण ते मज्जातंतूंमधले सोडियमचे दरवाजे बंद करून टाकतं. सोडियम आत गेलं नाही की संदेश पुढे जात नाही. स्थानिक भूल देण्याचं औषध नेमकं हेच करतं. म्हणून त्याचं भावंड, निओसॅक्सिटॉक्सिन, जास्त वेळ टिकणारी स्थानिक भूल म्हणून माणसांवर तपासलं गेलंय. शेवाळातून वेदनेवर उतारा.

दुखणंवाल्यांनी काय केलं? जॉन बोनिका नावाचे डॉक्टर होते. जन्म इटलीतला, काम अमेरिकेत. शिक्षणाचा खर्च भागवायला तोंडावर मुखवटा चढवून कुस्त्या खेळायचे. दुसऱ्या महायुद्धात जखमी सैनिकांना भूल देता देता त्यांच्या लक्षात आलं की जखम बरी झाली तरी दुखणं मागे राहतं, आणि त्याला वाली कुणी नाही. १९५३ मध्ये त्यांनी वेदनेच्या उपचारावर जाडजूड ग्रंथ लिहिला. १९७३ मध्ये त्यांनी बोलावलेल्या बैठकीतून इंटरनॅशनल असोसिएशन फॉर द स्टडी ऑफ पेन उभी राहिली. नावात साधं 'पेन'. आल्गोस नाही, काही नाही. इंग्रजीत पुढे 'पेन मेडिसिन', 'पेन स्पेशालिस्ट' हेच रुळलं.

अल्गॉलॉजी टिकली ती दुसऱ्या देशांत. तुर्कस्तानात हॉस्पिटलच्या पाटीवर 'अल्गोलोजी' लिहिलेलं असतं आणि तिथे दुखणाऱ्या पाठीची, मानेची माणसं बसलेली असतात. रशियनवाल्यांनी तर छान तोडगा काढलाय. शैवालाच्या शास्त्रात 'ल' नंतर एक मृदुचिन्ह घालतात, वेदनेच्या शास्त्रात सहसा घालत नाहीत. एका अक्षराचा फरक, काम झालं.

आमचं काम मात्र झालं नव्हतं. 'शैवालतज्ज्ञ' काढला, आता तिथे लिहायचं काय? पहिली सूचना आली, 'पेन स्पेशालिस्ट', देवनागरीत. लिहून बघा. पेन. आपल्याकडे लिहायचं पेन आणि दुखायचं पेन एकाच मात्रेत बसतं. 'पेन क्लिनिक' वाचून एकाने विचारलं, रिफील मिळते का? दुसऱ्याला गणपतीचं पेण आठवलं. म्हणजे एका दुहेरी शब्दातून सुटलो आणि दुसऱ्यात अडकलो. मग 'वेदनातज्ज्ञ'. शब्द चांगला आहे, बरोबर आहे. पण मला सांगा, घरी कोण म्हणतं, 'आई, मला वेदना होतायत'? कवितेत होतात. घरात 'दुखतं'.

इथे मी जरा हट्टाला पेटलो, त्याला कारण माझी आत्या. ती साताऱ्याकडे असते. तिला नागीण झाली होती. कांजिण्यांचा विषाणू शरीरात वर्षानुवर्षं झोपून राहतो आणि पुढे कधीतरी एखाद्या मज्जातंतूच्या वाटेने उठतो, ती नागीण. गावात सगळ्यांना चिंता एकच, वेढा पूर्ण होतो का. तो काही झाला नाही. फोड वाळले, खपल्या पडल्या. दुखणं गेलं नाही. आत्या म्हणायची, "पदर लागला तरी आग होती रं, वाऱ्यानंसुद्धा."

कातडीचे डॉक्टर म्हणाले, जखम भरलीय. हाडाच्या डॉक्टरांनी एक्स-रे काढला, स्वच्छ. मग कुणीतरी ठरवलं की मनाचं आहे. ११ महिने हे चाललं. शेवटी माझ्या चुलतभावाच्या ऑपरेशनच्या वेळी तिथल्या भूलतज्ज्ञांनी तिचं बोलणं सहज ऐकलं आणि म्हणाले, याचे वेगळे डॉक्टर असतात. आपल्याकडे हे बहुतेक डॉक्टर मुळात भूलशास्त्रातलेच असतात. कागदावर आलं, 'पोस्ट-हर्पेटिक न्यूराल्जिया'. नागिणीनंतरचं मज्जातंतूचं दुखणं. आणि पदर लागून आग होते, त्यालाही नाव निघालं, 'ॲलोडायनिया'. म्हणजे ज्याने दुखायला नको त्याने दुखणं. तिला साधी पेनकिलर नाही, मज्जातंतूंवर चालणारी औषधं मिळाली. पूर्ण गेलं का? नाही. पण आता रात्री झोपते, आणि पदर दोन्ही खांद्यांवरून घेते.

तिच्या तोंडात ॲलोडायनिया नव्हता, पण 'आग होती' होतं. डॉक्टरसाठी ती मोठी खूण असते. १९७५ मध्ये रोनाल्ड मेलझॅक यांनी वेदनेची एक प्रश्नावली तयार केली. तिच्यात दुखण्याची वर्णनं करणारे ७८ इंग्रजी शब्द २० गटांत लावलेत. कारण आगीसारखं दुखणं, टोचणं आणि जड वाटणं यांची कारणं वेगळी असू शकतात. आता आपल्याकडचं बघा. गळू ठसठसतं. दाढ ठणकते. पाठीत उसण भरते. पायाला वांब येतात. गुडघ्यात चमक निघते. खांद्याला रग लागते. अंगात कणकण असते, जखम हुळहुळते, पोटात कळ येते. यातला एक शब्द दुसऱ्याच्या जागी टाकून बघा, आजी लगेच टोकेल. आणि 'कळ' तर आपलाच अल्गॉलॉजिस्ट आहे. कळ येते, कळ काढतात, कळ दाबतात. कीबोर्डला तर आपण कळफलक म्हणतो! रोज दहा तास मी त्याच्यापुढे बसतो, मनगट सांगतं की नाव अगदी बरोबर आहे.

ॲपचं पुढे काय केलं ते सांगतो. आतल्या बाजूला शब्द ठेवायचाच नाही, कोड ठेवायचा. आरोग्य संघटनेच्या आयसीडी-११ या आजारांच्या यादीत, जी २०२२ पासून लागू आहे, तीन महिन्यांहून जास्त टिकणाऱ्या दुखण्याला स्वतःचा कोड आहे, एमजी३०. म्हणजे जखम भरल्यावरचं दुखणं हा आता नुसता कुणाचा तरी उरलेला भाग नाही, तो स्वतः नोंदवायचा विषय आहे. तो कोड या डॉक्टरांना जोडला. बाहेर पाटी लावली, 'जुनाट दुखण्याचे डॉक्टर', खाली बारीक अक्षरात वेदनातज्ज्ञ. आणि शोधायच्या खिडकीमागे आग, ठणका, चमक, मुंग्या, कळ असे शब्द भरले. आमच्या मॅनेजर बाईंनी विचारलं, ठणका आणि ठसठस दोन्ही हवेत का? त्यावर मीटिंग अर्धा तास चालली. जिची दाढ नुकतीच काढली होती तिने निकाल दिला. दोन्ही ठेवले.

सध्या यादीत ४३ शब्द आहेत आणि त्यातले बरेचसे पश्चिम महाराष्ट्रातले, कारण टीम तिकडची. वऱ्हाडात, खानदेशात, कोकणात, मराठवाड्यात दुखण्याला काय काय म्हणतात, घरी आजीला विचारा आणि व्हॉइस नोट पाठवा. कुठे दुखलं की तो शब्द वापरतात तेही सांगा, नाहीतर आमचा पुन्हा शैवालतज्ज्ञ व्हायचा.