खाडीचा प्रश्न आणि वऱ्हाडातील कार्यकर्ता

(जऊळका, जि. वाशीम येथे कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात झालेल्या व्याख्यानाचा मजकूर)



अकोला–पूर्णा लोहमार्गावरील जऊळक्यासारख्या गावी, समुद्रापासून चारशे किलोमीटरांहून अधिक अंतरावर, खाड्या आणि कांदळवने ह्यांच्याविषयी अभ्यासवर्ग घेण्याचे प्रयोजन काय, असे कोणीही विचारील. प्रश्न रास्त आहे. सोयाबीनचा भाव, पीकविमा आणि सावकाराचे देणे हे विषय दाराशी उभे असताना तिवरांच्या झाडांची काळजी वाहणे ही भरल्या पोटाच्या शहरी मंडळींची चैन वाटावी, ह्यात नवल नाही. तेव्हा प्रारंभ समुद्रापासून न करता बाजारापासून करणे बरे.

वऱ्हाडातील आठवडी बाजारात झिंगे, सुकट आणि सुके बोंबील विकायला असतात. ज्या घरात मटण सणावारालाच शिजते, त्या शेतमजुराच्या घरात मूठभर झिंगे भाकरीला चव आणि अंगाला थोडेसे प्रथिन देतात. हे झिंगे कोठून येतात? वसई, सातपाटी, वर्सोवा ह्यांसारख्या बंदरांतील होड्या समुद्रात रोवलेल्या खुंटांना डोलीचे जाळे बांधतात. भरती-ओहोटीचा प्रवाहच मासा जाळ्यात आणून सोडतो. बोंबील बांबूच्या वलांडीवर उन्हात वाळतो आणि व्यापाऱ्यांच्या हातांतून घाट चढून विदर्भात पोहोचतो. ह्या साखळीत वाळवणीचे आणि विक्रीचे बहुतेक काम कोळणी करतात. गरिबांचे अन्न गरिबांनीच पिकवलेले असते, ही गोष्ट शेतीइतकीच मासेमारीलाही लागू आहे.

आता पाण्याची वाट पाहावी. वाशीम जिल्हा हा जलविभाजकावर वसलेला आहे. जिल्ह्याच्या उत्तर भागातील पाणी काटेपूर्णेतून पूर्णेला, पूर्णेतून चांगदेवजवळ तापीला मिळते आणि सुरतेपाशी अरबी समुद्रात जाते. दक्षिणेकडील पाणी पैनगंगेतून वर्धेला, वर्धेतून प्राणहितेला आणि पुढे गोदावरीतून बंगालच्या उपसागराला मिळते. एकाच जिल्ह्यातील शेजारच्या दोन शिवारांत पडलेला पाऊस दोन निरनिराळ्या समुद्रांना जावा, असे भाग्य फार थोड्या जिल्ह्यांचे. अर्थात भाग्याबरोबर उत्तरदायित्वही येते. शेतातून वाहून गेलेले खत आणि कीटकनाशक अखेर नदीच्या मुखाशीच जाते. ह्याच्या उलट जे जावयास हवे ते जात नाही. गोदावरीच्या मुखाशी काकीनाड्याजवळ कोरिंगाचे विस्तीर्ण कांदळवन आहे. ते नदीने आणलेल्या गाळावर आणि गोड्या पाण्यावर जगते. वरच्या अंगाला धरणांनी गाळ अडवला, म्हणून त्या त्रिभुज प्रदेशाचा किनारा ठिकठिकाणी मागे हटतो आहे. धरणे नकोत असा ह्याचा अर्थ नव्हे. कोरडवाहू भागातील कार्यकर्त्याला तसे सांगण्याचा अधिकार कोणालाही नाही. परंतु नदी समुद्राला मिळते तेव्हा तिचे पाणी ‘वाया’ जाते, ही जी भाषा सर्व पक्षांचे पुढारी वापरतात, ती अडाणीपणाची आहे.

खाडीचे काम समजून घेतल्याशिवाय पुढचे राजकारण समजणार नाही. भरतीचे खारे पाणी आणि नदीचे गोडे पाणी जेथे मिसळते, तेथील चिखलात प्राणवायू जवळजवळ नसतो. तिवर अशा चिखलात उगवते आणि श्वास घेण्यासाठी मुळे जमिनीवर वर काढते. कांदळाचे बी झाडावर असतानाच रुजते आणि शेंगेसारखे लोंबते. गळून पडले की चिखलात टिकाव धरण्यास ते तयार असते. झडलेली पाने कुजतात, त्यांवर सूक्ष्म जीव वाढतात, त्यांवर चिंबोऱ्या, निवट्या आणि कोळंबीची पिल्ले पोसली जातात. कोळंबीच्या अनेक जाती अंडी समुद्रात घालतात. त्यांची पिल्ले खाडीत येऊन वाढतात आणि मोठी झाली की समुद्राकडे परततात. म्हणजे बंदरावर उतरणाऱ्या मासळीचा एक हिस्सा ह्या दलदलीत जन्मास येतो, जिला महसुली दप्तराने दीर्घकाळ पडीक जमीन मानले. पडीक म्हटले की भराव टाकावयास मोकळीक होते. मिठी नदीच्या मुखाशी नेमके हेच घडले. वांद्रे–कुर्ल्याच्या पाणथळीवर इमारती उभ्या राहिल्या आणि 26 जुलै 2005 रोजी सांताक्रूझला एका दिवसात 944 मिलिमीटर पाऊस पडला तेव्हा पाण्याला पसरावयास जागा उरली नव्हती. इतक्या पावसाने मुंबई कशीही बुडालीच असती. परंतु भरावाने ती अधिक बुडाली आणि बुडाली ती प्रामुख्याने नाल्याकाठच्या वस्त्यांची घरे.

त्या पावसाचा धागा वाशीमपर्यंत येतो. विदर्भावर बरसणाऱ्या मोसमी पावसाची वाफ मोठ्या प्रमाणावर अरबी समुद्रातून येते. पुण्याच्या उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेतील रॉक्सी मॅथ्यू कोल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2017 मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार मध्य भारतातील विस्तृत क्षेत्रावरील अतिवृष्टीच्या घटना 1950 ते 2015 ह्या काळात तिपटीने वाढल्या. आणि ह्याच काळात पावसाचे एकूण मान मात्र घटत गेले. तापलेला अरबी समुद्र वाफेचा लोट एकदम सोडतो आणि मग बराच काळ हात आखडतो, असे त्याचे सोपे रूप सांगता येईल. उगवून आलेले सोयाबीन पहिल्या खंडात करपते आणि शेंगा भरल्यावर पाण्यात कुजते, हा अनुभव येथे कोणाला नवा नाही. समुद्र हा केवळ कोळ्यांचा विषय आहे असे म्हणणाऱ्याने ह्या अनुभवाचा हिशेब द्यावा.

समुद्रावरील लढ्याचा इतिहास समाजवादी चळवळीला परका नाही. 1970च्या दशकात गोव्यात ट्रॉलर आले. तळ खरवडून नेणाऱ्या त्यांच्या जाळ्यांनी किनाऱ्याजवळची मासळी उपसली आणि किनाऱ्यावरून रांपण ओढणारे रापणकार उपाशी राहू लागले. मथानी साल्ढाणा ह्यांच्या नेतृत्वाखाली ते संघटित झाले. 1980च्या कायद्याने किनाऱ्यालगतचा पट्टा पारंपरिक मच्छीमारांसाठी राखला गेला. महाराष्ट्राचा सागरी मासेमारी नियमन कायदा 1981चा. 1991 नंतर केंद्र सरकारने खोल समुद्रात परदेशी भागीदारीच्या जहाजांना परवाने दिले, तेव्हा देशभरातील मच्छीमारांनी बंद पाळून ते धोरण मागे घ्यावयास लावले. हे यश थोडे नव्हे. पण त्यानंतर शत्रू घरातच निघाला. पर्ससीन जाळे मासळीचा संपूर्ण थवाच वेढून उचलते. राज्य सरकारने 5 फेब्रुवारी 2016 रोजी त्यावर बंधने घातली. केंद्राने 2017 मध्ये दिव्यांच्या झोतावरील मासेमारी बंद केली. तरीही राज्याची हद्द बारा सागरी मैलांवर संपते, आणि कागदावर त्या हद्दीपलीकडे गेलेली नौका प्रत्यक्षात कोठे जाळे टाकते, हे पाहणारी यंत्रणा तुटपुंजी आहे. ह्या नौकांचे मालक पुष्कळदा त्याच समाजातील असतात. ‘कोळी समाज’ एकसंध आहे असे मानणारा कार्यकर्ता ‘शेतकरी समाज’ एकसंध मानणाऱ्याइतकाच फसतो. मालक, तांडेल, खलाशी, टोपली घेऊन बसणारी कोळीण आणि खाडीत कालवे फोडणारी बाई ह्यांचे हितसंबंध वेगळे आहेत.

सरकारच्या बाजूने निसर्गरक्षण झाले तेही लोकांच्या डोक्यावरून झाले. मालवणचे सागरी अभयारण्य 1987 मध्ये घोषित झाले. त्याचे क्षेत्र तीस चौरस किलोमीटरही नाही, पण ज्यांच्या चुली त्या पाण्यावर पेटतात त्यांचा विश्वास संपादन न करता ते आले, आणि स्थानिकांचा विरोध दशकानुदशके टिकून राहिला. उलट दिशेने 19 फेब्रुवारी 1991च्या किनारा नियमन अधिसूचनेकडे पाहावे. ग्रामीण किनाऱ्यावर भरतीरेषेपासून दोनशे मीटरपर्यंत बांधकामास तिने मनाई केली. दुरुस्त्यांमागून दुरुस्त्या होत 2019 च्या अधिसूचनेने दाट वस्तीच्या ग्रामीण भागात ही मर्यादा पन्नास मीटरवर आणली. कोळ्याच्या घराची दुरुस्ती सुलभ व्हावी, असे कारण सांगण्यात आले. हॉटेलवाल्यांना त्या कारणाचा उपयोग कळावयास वेळ लागत नाही.

सांप्रत सर्वांत मोठा वाद वाढवणचा आहे. डहाणू तालुका 1991 मध्ये पर्यावरणदृष्ट्या नाजूक म्हणून घोषित झाला. त्याच्या रक्षणासाठी नेमलेल्या प्राधिकरणाचे अध्यक्ष न्यायमूर्ती चंद्रशेखर धर्माधिकारी होते. दादा धर्माधिकारींचे हे चिरंजीव नागपुरात वकिली केलेले, म्हणजे विदर्भाला परके नव्हेत. त्यांच्या प्राधिकरणाने 1998 मध्ये वाढवण येथे बंदर होऊ शकत नाही असा निर्णय दिला आणि तो दोन दशकांहून अधिक टिकला. धर्माधिकारी 2019 मध्ये निवर्तले. 31 जुलै 2023 रोजी प्राधिकरणाने सशर्त परवानगी दिली, जून 2024 मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने सुमारे 76,220 कोटी रुपयांचा प्रकल्प मंजूर केला आणि 30 ऑगस्ट 2024 रोजी पायाभरणी झाली. 1,448 हेक्टर समुद्र भरून तेथे बंदर होणार आहे. पापलेटासाठी प्रसिद्ध असलेले सातपाटी ह्याच पट्ट्यातले. ते पापलेट 2023 मध्ये राज्यमासा घोषित झाले, हा योगायोग काहीसा क्रूर म्हटला पाहिजे.

बंदराचे समर्थक विदर्भाकडे बोट दाखवतात. समृद्धी महामार्ग वाशीम जिल्ह्यातून जातो, तो वाढवणला जोडण्याचा मार्ग राज्य मंत्रिमंडळाने 2025 मध्ये मंजूर केला, आणि ह्या मार्गाने वऱ्हाडचा माल जगात जाईल असे सांगितले जाते. देशाला बंदरे लागतातच. ती नाकारणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. परंतु सोयाबीनला भाव मिळत नाही तो बंदर दूर आहे म्हणून की खाद्यतेलाच्या आयातीचे धोरण ग्राहक आणि उद्योग ह्यांच्याकडे पाहून ठरते म्हणून, हा प्रश्न विचारल्याशिवाय वऱ्हाडी शेतकऱ्याच्या नावाने डहाणूच्या कोळ्याला उठवता येणार नाही. उरणचा दाखला समोर आहे. तेथील मच्छीमारांची हानी झाल्याचे राष्ट्रीय हरित लवादाने 2015 मध्ये मान्य केले आणि 1,630 कुटुंबांना सुमारे 95 कोटी रुपये देण्याचा आदेश दिला. न्हावा-शेवा बंदर सुरू झाले होते 1989 मध्ये.

आता एक अवघड प्रश्न. मुंबई उच्च न्यायालयाने 17 सप्टेंबर 2018 रोजी कांदळवनाचा नाश हा नागरिकांच्या जीवनाच्या हक्काचा भंग ठरवला आणि जमीन खाजगी असली तरी तोड करता येणार नाही असे सांगितले. निर्णय स्वागतार्ह आहे. पण रायगडच्या खारेपाटात त्याची दुसरी बाजू दिसते. ज्या मुलखात नारायण नागू पाटलांच्या नेतृत्वाखाली चरीचा संप 1933 पासून सहा वर्षे चालला आणि कुळांनी खोतांची शेते कसावयाचे नाकारले, तेथील खारी जमीन पिढ्यांच्या श्रमाने, बांध घालून समुद्राकडून मिळवलेली आहे. बांधाची दुरुस्ती वेळेवर झाली नाही की तो फुटतो, भरती भातशेतीत शिरते आणि काही वर्षांत तेथे तिवर माजते. मग तेच शेत कायद्याने वन होते. दुरुस्तीची हयगय दुसऱ्याची, जमीन गेली शेतकऱ्याची. त्याला तिवर शत्रू वाटले तर ती त्याची निसर्गद्रोही वृत्ती नव्हे.

ह्यावर तिवर तोडा असे म्हणता येणार नाही, आणि सोसा असेही म्हणता येणार नाही. बांधदुरुस्तीचे दायित्व कोणाचे, गेलेल्या पिकाची आणि जमिनीची भरपाई कोणत्या निकषावर, उभ्या राहिलेल्या कांदळवनातील खेकडा व कालवे ह्यांवर हक्क कोणाचा, ह्याची स्पष्ट मागणी तयार करावी लागेल. अतिवृष्टीचे पंचनामे, तलाठ्याचे शेरे आणि भरपाईचे निकष ह्यांच्याशी वाशीमचे कार्यकर्ते वर्षानुवर्षे झगडत आले आहेत. पेण–अलिबागच्या सहकाऱ्यांबरोबर बसून तो मसुदा त्यांनीच लिहावयास घ्यावा.