टाकावें, पण जोडूं नये



या सोहळ्याचीं छायाचित्रें आज निघत आहेत; त्या निमित्तानें एका चलच्चित्रकाराची हकीकत सांगावीशी वाटते.

सिडने येथें १८८५ सालीं जन्मलेला फ्रँक हर्ली १९१४ सालीं शॅकल्टनबरोबर दक्षिण ध्रुवाकडील सफरीस निघाला. पुढच्याच वर्षीं त्यांचें जहाज बर्फानें चिरडलें. हर्लीनें उघड्या अंगानें गोठत्या पाण्यांत बुडी मारून चित्रांचे डबे वर काढले. परंतु एवढें ओझें बर्फावरून नेणार कोण? शॅकल्टनसमवेत बसून त्यानें सुमारें १२० कांचेच्या प्लेटी निवडल्या, आणि उरलेल्या सुमारें ४०० फोडून टाकल्या. मागाहून मोह होऊं नये म्हणून! चलच्चित्राची फीत मात्र त्यानें राखली. १९१९ सालीं ‘साउथ’ या नांवानें तें चित्र लोकांसमोर आलें.

हाच पुरुष १९१७ सालीं महायुद्धाच्या आघाडीवर गेला. रणांगणाची भीषणता एका प्लेटींत मावेना, म्हणून तो अनेक चित्रें जोडून एक करूं लागला. ऑस्ट्रेलियाचे युद्धेतिहासकार चार्ल्स बीन यांनीं तें बनावट ठरविलें. हर्ली राजीनामा देण्यास निघाला.

त्याचा हेतु वाईट होता असें मी म्हणत नाहीं. तरीपण पाहा: ४०० खऱ्या प्लेटी फोडल्यानें त्याची साक्ष उणी झाली नाहीं, आकाशांत एक परका ढग जोडतांच ती संशयित झाली.

आपल्या वाडवडिलांच्या गोष्टी मुलांस सांगतांना आपणही हें ध्यानीं धरूं या. थोडें सांगावें, पण घडलें तेंच सांगावें.