भूतानच्या जंगलातले तीस तळ
(वर्धापनदिनी विहारात केलेल्या भाषणाचा मजकूर)



मला विषय दिलाय सीमेपलीकडच्या दहशतवादाचा आणि शेजारी राष्ट्रांचा. मुंबईकराला हा दहशतवाद वेगळा समजावून सांगायला नको. १२ मार्च १९९३ ला २५७ माणसं गेली, नोव्हेंबर २००८ मध्ये १६६. कसाब जिवंत हाती लागला, तरी पाकिस्तान आधी तो आमचा नाहीच म्हणालं. जानेवारी २००९ मध्ये कबूल केलं, खटलाही भरला. पण कटाचा सूत्रधार म्हणून ज्याच्यावर आरोप, तो लखवी एप्रिल २०१५ मध्ये जामिनावर बाहेर आला. म्हणून नाक्यावरची पोरं म्हणतात, शेजारी म्हटला की असाच. मला ते पटत नाही. आज भूतानची हकीकत सांगतो. आपल्याकडच्या पेपरांत ती कोपऱ्यात छापून आली आणि गेली.

भूतान केवढा? सारी वस्ती मुंबईतल्या एखाद्या मोठ्या वॉर्डाएवढी. १९९० नंतर आसामातली उल्फा आणि बोडोंची एनडीएफबी या संघटनांनी त्याच्या दक्षिणेकडच्या जंगलात तळ ठोकले. मागाहून उत्तर बंगालची केएलओ आली. आसामात बाँब फोडायचा, खंडणी उकळायची आणि डोंगर चढून भूतानात शिरायचं. आपलं सैन्य हद्दीवर थांबणार, हे त्यांना ठाऊक.

भूतानने इतकी वर्षं सहन का केलं? एक तर भांडण दुसऱ्याच्या घरातलं. आणि दुसरं कारण म्हणजे रस्ता. भूतानातल्या फुंटशोलिंगहून भूतानातल्याच सामद्रुप जोंगखारला जायचं, तर सोयीची वाट आसामातून. डिसेंबर २००० मध्ये आसामात भूतानी प्रवाशांवर हल्ले झाले, माणसं मेली. आसरा देऊनही आपलीच माणसं मरतात, हे तेव्हा कळून चुकलं.

तरी त्यांनी आधी बोलणीच केली. जून २००१ मध्ये उल्फाने चार तळ हलवायचं कबूल केलं. तळ हलले आणि दुसरीकडे उभे राहिले! शेवटी १३ डिसेंबर २००३ ला ४८ तासांची मुदत दिली आणि १५ तारखेला भूतानचं सैन्य जंगलात शिरलं. राजे जिग्मे सिंग्ये वांगचुक स्वतः सैन्याबरोबर होते. उल्फाचे १३, एनडीएफबीचे १२, केएलओचे ५, असे तीस तळ थोड्याच दिवसांत मोडले. आपलं सैन्य आपल्या हद्दीत नाकेबंदी करून उभं होतं. ज्याने त्याने आपापल्या जमिनीवरचं काम केलं, म्हणून ते निभलं.

आमच्या वस्तीतल्या एका आजींनी मला विचारलं, "बुद्धाला मानणाऱ्या देशाने बंदूक कशी रं उचलली?" प्रश्न टाळण्यासारखा नाही. बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात अहिंसा हे तत्त्व आहे, नियम नव्हे, असा भेद केलाय. मारायची हौस वेगळी आणि गरज वेगळी. सहा वर्षांच्या आसपास बोलणी चालवून मग उचललेली बंदूक मी हौसेत धरत नाही. पुढे दोचुला खिंडीत त्यांनी १०८ चोर्तेन, म्हणजे स्तूप, बांधले ते मेलेल्यांच्या स्मरणार्थ.

पण भूतान म्हणजे काही सुखावती नव्हे, हेही सांगतो. याच राज्यातून १९९० च्या सुमारास लाखभर नेपाळीभाषक माणसं बाहेर पडली. पुष्कळांना हाकलून लावलं. त्यांची पोरं नेपाळच्या छावण्यांत वाढली. आणि त्या कारवाईत बेपत्ता झालेल्या उल्फावाल्यांच्या बायका नवऱ्याचा ठावठिकाणा विचारत आसामात उपोषणाला बसल्या. त्यांचा राग मी चुकीचा म्हणणार नाही. माणूस दोषी असला तरी तो जिवंत की मेला, हे घरच्यांना कळायला पाहिजे.

तळ मोडले म्हणून आसाम लगेच शांत झाला, असं नाही. उल्फाचे पुढारी बांगलादेशात होतेच. २००९ मध्ये शेख हसीना सत्तेवर आल्यावर तोही आसरा सुटला, आणि त्याच डिसेंबरात अध्यक्ष अरविंद राजखोवा भारताच्या ताब्यात आला. लपायची जागा गेल्यावर बोलणी आली. बोडोंशी २०२० मध्ये करार झाला, राजखोवांच्या गटाशी डिसेंबर २०२३ मध्ये. दिल्लीला आसामच्या जमिनीचं, भाषेचं, सत्तेच्या वाट्याचं अखेर बोलावंच लागलं. ते काम भूतानचा राजा करून देणार नव्हता.

परेश बरुआने मात्र सही केली नाही. त्याच्या माणसांचे तळ म्यानमारच्या डोंगरात, आणि तिथे खुद्द म्यानमार सरकारचाच हुकूम धड चालत नाही. तिथे जाब कुणाला विचारायचा, हे अजून कुणी मला सांगितलेलं नाही.

जयभीम!